हिमशिल्प्यांची श्रेणी : अद्भुतकथेतील कारागिरी, काळ आणि श्रम

१

अद्भुतकथेच्या समीक्षेत जादू या घटकाविषयी पुष्कळ लिहिले गेले आहे. कारागिरी या घटकाविषयी त्या मानाने फारच थोडे. वस्तुतः पाश्चात्त्य अद्भुतकथेच्या परंपरेत कारागीर पदोपदी भेटतात. अंगठ्या घडविणारे सोनार, तलवारी घडविणारे लोहार, आरसे बनविणारे राक्षस, ज्वलनद्रव्ये सिद्ध करणारे किमयागार यांच्यावाचून या कथांचे पान हलत नाही. या कारागिरांचे संघही असतात. बर्फ आणि हिम यांचीही या वाङ्मयात वाण नाही. असे असूनही बर्फ घडविणाऱ्या कारागिरांची श्रेणी मात्र या कथांच्या केंद्रस्थानी सहसा येत नाही. आली तरी ती कडेला राहते, मूक राहते, किंवा एखाद्या परिच्छेदात उल्लेखिली जाऊन विस्मृतीत जाते. हे अनुपस्थितीचे स्वरूप काय आहे आणि त्यातून अद्भुतकथा या वाङ्मयप्रकाराविषयी काय हाती लागते, याचा विचार करण्याचा प्रस्तुत लेखात प्रयत्न आहे.

त्यासाठी तीन संहिता मुख्यतः विचारात घेतल्या आहेत : हान्स क्रिस्टियन अँडरसन यांची 'हिमराणी' ही १८४४ साली प्रसिद्ध झालेली सात प्रकरणांची कथा, जॉर्ज आर. आर. मार्टिन यांची १९९६ पासून प्रसिद्ध होऊ लागलेली 'अ साँग ऑफ आइस अँड फायर' ही कादंबरीमाला. आणि अँडरसन यांच्या कथेवरून प्रेरणा घेऊन ख्रिस बक व जेनिफर ली यांनी दिग्दर्शित केलेला 'फ्रोझन' हा २०१३ चा चित्रपट. या तिन्हींच्या मध्ये टोल्किन यांच्या एका कारागीरसंघाचा उल्लेख तुलनेसाठी येईल. ही निवड कालक्रम दाखविण्यासाठी केलेली नाही. एकच द्रव्य आणि एकच प्रश्न तीन भिन्न रूपबंधांत कसा वागतो, हे पाहणे एवढाच तिचा हेतू आहे.

२

प्रथम श्रेणी या संकल्पनेचा विचार केला पाहिजे. युरोपीय मध्ययुगातील 'गिल्ड' या संस्थेला आपण मराठीत 'श्रेणी' म्हणतो. हा शब्द आपल्या परिचयाचा आहे तो प्राचीन शिलालेखांमुळे. नाशिकच्या लेण्यातील उषवदाताच्या लेखात गोवर्धन येथील कोष्ट्यांच्या दोन श्रेणींकडे तीन हजार कार्षापण ठेवल्याची नोंद आहे : दोन हजार एका श्रेणीकडे, दरमहा शेकडा एक दराने, एक हजार दुसरीकडे, दरमहा शेकडा पाऊण दराने. या ठेवीला लेखात दिलेले नाव मोठे अर्थपूर्ण आहे. ती 'अक्षयनीवी' आहे. मुद्दल कधीही खर्चावयाचे नाही, खर्चावयाचे ते व्याज. त्यातून भिक्षूंना चीवरे मिळावयाची. दात्याने हा पैसा कोणा एका कोष्ट्याकडे ठेवला नाही, श्रेणीकडे ठेवला, याचे कारण उघड आहे. कोष्टी मरतो, श्रेणी मरत नाही अशी त्याची श्रद्धा होती. श्रेणी म्हणजे व्यक्तीच्या आयुष्याहून दीर्घ असा काळ जिच्या स्वाधीन करता येतो अशी संस्था.

अक्षयनीवीचे हे रूपक कारागिरीलाही लागू करता येईल. कौशल्य हे श्रेणीचे मुद्दल होय. उस्ताद ते उमेदवाराच्या हाती देतो, उमेदवार पुढे उस्ताद होतो आणि मुद्दल अबाधित राहते. घडविलेल्या वस्तू हे त्यावरचे व्याज. त्या विकल्या जातात, वापरल्या जातात, झिजतात. परंतु सामान्यतः ही विभागणी आपल्या ध्यानात येत नाही, कारण दगड, धातू, लाकूड या द्रव्यांच्या वस्तू कारागिरापेक्षा पुष्कळ अधिक काळ टिकतात. मूर्ती उरते आणि मूर्तिकाराचा हात विसरला जातो. व्याजच मुद्दलासारखे भासू लागते.

बर्फ हा भास होऊ देत नाही, आणि सैद्धांतिक विचाराच्या दृष्टीने या द्रव्याचे महत्त्व येथेच आहे. बर्फाची वस्तू हंगाम संपताच नाहीशी होते. उरले तर कौशल्यच उरते. रशियाची सम्राज्ञी आन्ना इव्हानोव्ह्ना हिच्या आज्ञेवरून १७३९-४० च्या हिवाळ्यात सेंट पीटर्सबर्ग येथे बर्फाचा महाल बांधला गेला, त्याचा इतिहास या दृष्टीने उद्बोधक आहे. नेव्हा नदीच्या बर्फाचे ठोकळे कापून, त्यांच्या फटींत पाणी ओतून ते सांधले गेले. बर्फाच्या तोफा उडविल्या गेल्या, बर्फाचा हत्ती उभा केला गेला, आणि सम्राज्ञीच्या मर्जीतून उतरलेल्या एका सरदाराचे लग्न थट्टेखातर लावून त्या नवदांपत्याला त्या महालात रात्र काढावयास लावले गेले. वसंतात महाल वितळला. वास्तुशिल्पी येरोप्किन याला त्याच वर्षी राजद्रोहाच्या आरोपावरून मृत्युदंड झाला. गेओर्ग क्राफ्ट या शास्त्रज्ञाने महालाचे सविस्तर वर्णन १७४१ मध्ये प्रसिद्ध केले. पुढे १८३५ मध्ये लाझेच्निकोव्ह यांनी त्यावर कादंबरी रचली. महाल गेला, वर्णन राहिले, कथा राहिली. परंतु ज्यांच्या हातांनी ते ठोकळे कापले आणि सांधले, ते सांस्कृतिक स्मृतीत कोठेच नाहीत. बर्फाच्या कारागिराला दुहेरी विस्मृती भोगावी लागते : त्याचे नाव राहत नाही आणि त्याची वस्तूही राहत नाही.

येथे आपल्या भाषेने जपून ठेवलेली एक खूण नोंदविण्याजोगी आहे. मराठीत 'गार' म्हणजे आकाशातून पडणारा हिमगोल, आणि 'गार' म्हणजेच शुभ्र कठीण दगड, ज्यावरून 'गारगोटी' हा शब्द आला. एकच शब्द वितळणाऱ्या आणि न वितळणाऱ्या अशा दोन पदार्थांना लावला जातो. ग्रीक भाषेतही बर्फाचा वाचक शब्दच पुढे स्फटिकाचा वाचक झाला, आणि स्फटिक म्हणजे कायमचे गोठलेले हिम असे रोमन लेखक प्लिनी मानीत असे. दोन दूरच्या भाषांना बर्फात आणि दगडात सारखेपणा दिसावा, यामागे मानवी मनाची एक जुनी इच्छा असावी असे वाटते : वितळणारे एकदा तरी न वितळावे. अद्भुतकथेतील हिमशिल्पाचा आदिबंध या इच्छेतून निर्माण होतो.

३

अँडरसन यांच्या कथेचा आरंभच कारागिरीने होतो. एक दुष्ट राक्षस आरसा घडवितो. त्यात चांगले ते आक्रसते आणि वाईट ते मोठे दिसते. या राक्षसाची शाळा आहे, शाळेत शिष्य आहेत आणि आरसा स्वर्गाकडे नेताना तो शिष्यांच्याच हातून निसटून फुटतो. म्हणजे कथेच्या मुळाशी एक विपरीत श्रेणी आहे. तिच्या वस्तूचे तुकडे जगभर पसरतात, काही खिडक्यांत बसतात, काही चष्म्यांत. आणि दोन तुकडे काय या मुलाच्या डोळ्यात आणि हृदयात शिरतात. त्यानंतर काय जे पहिले सौंदर्यविधान करतो, ते लक्षणीय आहे. भिंगाखाली हिमकण पाहून तो म्हणतो की हे खऱ्या फुलांपेक्षा अधिक निर्दोष आहेत. फक्त ते वितळावयास नकोत. हे विधान पुढील सर्व कथेचे बीज आहे. निर्दोष आकृती आणि वितळण्याचा नकार यांची त्यात गाठ पडली आहे.

हिमराणीच्या महालात काय हा बर्फाचा कारागीर होतो. तेथे एक गोठलेले सरोवर आहे. ते हजार तुकड्यांत भंगले आहे आणि प्रत्येक तुकडा दुसऱ्यासारखाच आहे. हिमराणी या सरोवराला बुद्धीचा आरसा म्हणते. बर्फाचे धारदार, चपटे तुकडे जुळवून काय आकृत्या आणि शब्द तयार करतो. एकच शब्द त्याला साधत नाही, तो म्हणजे 'अनंतत्व'. तो साधला तर तो स्वतःचा धनी होईल आणि त्याला सारे जग व नव्या स्केट्सची जोडी मिळेल, असा करार आहे. उमेदवाराने आपली परीक्षावस्तू घडवावी आणि उस्ताद होऊन मोकळे व्हावे, हा युरोपीय श्रेणींचा परिचित नियमच येथे विडंबित झालेला दिसतो. कायपुढे परीक्षा आहे, बक्षीस आहे, धनीपणाचे आश्वासन आहे. परंतु उस्ताद शिकवीत नाही, सहकारी कोणीच नाही, आणि घडवावयाचा आहे तो शब्दच असा आहे की द्रव्याचा स्वभाव त्याला छेद देतो. वितळणाऱ्या पदार्थात अनंतत्व लिहावयाचे, हे काम श्रेणीवाचून एकट्याच्या हातून होणारे नव्हे.

शब्द शेवटी लागतो, पण कायच्या हातून नव्हे. गेर्डा येते, तिचे अश्रू त्याच्या हृदयातील काच विरघळवितात, तोही रडतो आणि डोळ्यातील काच निघून जाते. त्या आनंदात बर्फाचे तुकडेच नाचू लागतात आणि दमून पडतात ते नेमके हव्या त्या शब्दाच्या आकारात. हिमराणी त्या वेळी घरी नसते. ती उष्ण देशांत, एटना आणि व्हेसुव्हिअस यांच्या काळ्या शिखरांना पांढरा रंग देण्यास गेलेली असते. या प्रसंगावर एक आक्षेप सहज घेता येईल. वस्तू आपोआप घडते, म्हणजे येथे श्रम पुसला गेला, जादूने कारागिरीची जागा घेतली असे म्हणता येणार नाही काय? वरवर पाहता तसे वाटते. परंतु कथेची रचना पाहिली म्हणजे ध्यानात येते की श्रम पुसला गेलेला नाही. तो स्थलांतरित झाला आहे. सात प्रकरणांपैकी पाच प्रकरणे गेर्डाच्या वाटचालीची आहेत. नदी, जादूगारणीची बाग, राजवाडा, दरोडेखोरांची गढी, उत्तरेकडील दोन झोपड्या आणि शेवटी हिमातील अनवाणी चाल, हा सगळा काळ वाचकाला तिच्याबरोबर काढावा लागतो. अनंतत्वाचा शब्द अखेरीस वितळण्यातूनच, म्हणजे अश्रूंतूनच, लागतो. द्रव्याचा स्वभाव नाकारून नव्हे, त्याला वाट देऊन तो सिद्ध होतो. म्हणून त्या क्षणीची जादू आपल्याला फुकटची वाटत नाही.

अँडरसन यांचे वडील ओडेन्स येथील गरीब चर्मकार होते. त्यांच्या आत्मचरित्रात नोंद आहे की एका हिवाळ्यात खिडकीवरच्या हिमात हात पसरलेल्या स्त्रीची आकृती वडिलांनी मुलाला दाखविली होती, आणि वडील वारले तेव्हा हिमकन्येने त्यांना नेले असे आई म्हणाली. चरित्र आणि कथा यांच्यात कार्यकारणभाव जोडण्याचा मोह येथे टाळला पाहिजे. एवढे मात्र म्हणता येईल की हाताने काम करणाऱ्या घरात हिम हे शोभेचे द्रव्य नव्हते. त्याला मृत्यूची किंमत होती, आणि ती किंमत कथेत उतरली आहे.

४

टोल्किन यांनी श्रेणीची कल्पना अधिक स्पष्टपणे मांडली. त्यांच्या पौराणिक विश्वात एरेगिऑन येथे 'ग्वाइथ-इ-मीर्दाइन' नावाचा रत्नकारांचा बंधुसंघ आहे, आणि केलेब्रिंबॉर हा त्याचा प्रमुख. सौरॉन हा उपकारकर्त्याचे रूप घेऊन या संघाला ज्ञान देतो. त्यातून सामर्थ्याच्या अंगठ्या घडतात, आणि सर्वांवर अंमल चालविणारी एक अंगठी तो गुप्तपणे स्वतः घडवितो. पुढे संघाचा आणि नगराचा नाश होतो. या कथेत रत्नकारांना लोभ सुटतो तो सत्तेचा नव्हे. वस्तूंचा क्षय थांबविण्याची, निदान लांबविण्याची शक्ती त्यांना हवी असते. कायच्या इच्छेचेच हे सामुदायिक रूप आहे. एल्फांच्या अंगठ्यांनी जे राखले होते ते एक अंगठी नष्ट होताच ओसरू लागते. टोल्किन यांच्या लेखी कारागीरसंघाचे पतन होते ते मुद्दल आणि व्याज यांची गल्लत झाल्यामुळे, असे आपल्या परिभाषेत म्हणता येईल. ज्यांनी कौशल्य अक्षय राखावयाचे, त्यांनी वस्तूच अक्षय करावयास घेतली.

मार्टिन यांच्या कादंबरीमालेत हिमशिल्प्यांची श्रेणी प्रत्यक्ष सापडते. उत्तरेच्या सीमेवर सुमारे ३०० मैल लांब आणि ७०० फूट उंच अशी बर्फाची भिंत आहे. ती ब्रँडन नावाच्या बांधकाऱ्याने बांधली अशी दंतकथा आहे आणि तिच्यात मंत्रशक्ती गुंफलेली आहे असा समज आहे. तिचे रक्षण 'नाइट्स वॉच' हा बंधुसंघ करतो. संघाचे तीन वर्ग आहेत : टेहळे, कारभारी आणि बांधकाम करणारे. या तिसऱ्या वर्गाविषयी पहिल्या खंडात थोडक्यात माहिती येते. पूर्वी हे लोक अरण्यातील गोठलेल्या तळ्यांतून बर्फाचे प्रचंड ठोकळे काढीत, घसरगाड्यांवरून ते दक्षिणेकडे ओढून आणीत आणि भिंत चढवीत नेत. ते दिवस शतकांपूर्वीच संपले. आता भिंतीवरून हिंडून कोठे तडा गेला आहे, कोठे वितळ सुरू झाली आहे हे पाहावयाचे आणि जमेल तेवढी डागडुजी करावयाची, एवढेच त्यांचे काम उरले आहे.

या संक्षिप्त माहितीत एका संपूर्ण श्रेणीचा इतिहास सामावला आहे. निर्मितीकडून डागडुजीकडे झालेला हा प्रवास कोणत्याही उतरत्या परंपरेच्या अभ्यासकाला ओळखीचा वाटेल. परंतु कादंबरीचे निवेदनतंत्र विचारात घेतले की एक वेगळीच गोष्ट पुढे येते. या मालेतील प्रत्येक प्रकरण एका पात्राच्या दृष्टिकोणातून सांगितलेले असते. पहिल्या खंडाच्या उपोद्घातात हा दृष्टिकोण एका टेहळ्याचा आहे. जॉन स्नो आणि सॅमवेल हे कारभारी वर्गात दाखल होतात. बांधकाम करणाऱ्या वर्गातील एकाही व्यक्तीला आजवरच्या पाच खंडांत दृष्टिकोण मिळालेला नाही. भिंत सर्वांना दिसते. ती ज्यांना हाताखाली जाणवते त्यांच्या नजरेने ती एकदाही दिसत नाही. उपोद्घातात भिंत पाझरत होती या एका निरीक्षणावरून टेहळ्या असा निष्कर्ष काढतो की माणसे केवळ थंडीने मेली नसावीत. बर्फाचे असे ज्ञान हे वस्तुतः बांधकाऱ्यांचे ज्ञान. कादंबरीत ते दुसऱ्याच्या तोंडून बोलते.

मार्टिन यांनी या श्रेणीच्या विरुद्ध बाजूला दोन चित्रे ठेवली आहेत. एक, राजधानीतील किमयागारांचा संघ. 'अ क्लॅश ऑफ किंग्ज' (१९९८) मध्ये हा संघ हिरव्या ज्वालेचे द्रव्य सिद्ध करताना दिसतो. त्यांची प्रतिष्ठा उतरली आहे, तरी कृती आणि शिस्त त्यांनी टिकविली आहे. आणि जगात जादू परतू लागताच त्यांच्या जुन्या मंत्रांना पुन्हा गुण येऊ लागतो. जादू नसताना पद्धती सांभाळणे हे श्रेणीचे काम असते, हा विचार येथे उपरोधाने का होईना, पण मांडला गेला आहे. दुसरे चित्र भिंतीपलीकडील 'अदर्स' यांचे. त्यांची स्फटिकासारखी पारदर्शक पाती पोलादाचा चक्काचूर करतात. ती कोण घडवितो, कशी घडवितो, शिकवितो कोण, याविषयी संहिता काहीही सांगत नाही. ही श्रेणीवाचूनची, इतिहासावाचूनची कारागिरी आहे, आणि कादंबरीतील भय बऱ्याच अंशी या इतिहासशून्यतेतून येते. ज्या वस्तूमागे हात दिसत नाही ती वस्तू भयप्रद होते, हे मार्टिन यांनी जाणले आहे. भिंतीमागचे हात मात्र त्यांनीही पुरतेपणी दाखविलेले नाहीत.

५

'फ्रोझन' हा मुलांसाठी काढलेला लोकप्रिय चित्रपट. त्याला या चर्चेत स्थान का, असा प्रश्न विचारला जाईल. त्याचे उत्तर चित्रपटाच्या पहिल्याच प्रसंगात आहे. कथा राजकन्यांपासून सुरू होत नाही. ती गोठलेल्या तळ्यावर करवती चालविणाऱ्या, ठोकळे आकड्यांनी ओढून गाडीवर चढविणाऱ्या माणसांच्या श्रमगीतापासून सुरू होते. त्यांच्यात क्रिस्टॉफ नावाचा लहान मुलगा आहे. मोठ्यांचे पाहून तोही धडपडत एक लहानसा ठोकळा बाहेर काढतो. उमेदवारीचे इतके नेमके चित्र अद्भुतकथेत क्वचितच आढळेल. पुढे एल्सा ही राजकन्या डोंगरावर जाते आणि एका गीताच्या अवधीत बर्फाचा संपूर्ण प्रासाद उभा करते. दोन गीते, दोन बर्फ, दोन काळ. पहिल्या गीतातील काळ करवतीचा आहे. दुसऱ्यातील काळ इच्छेचा.

चित्रपटाला या विरोधाची जाणीव आहे. उन्हाळ्यात सर्वत्र हिम पसरल्याने बर्फ विकणाऱ्या क्रिस्टॉफचा धंदाच बुडतो, आणि मागणी-पुरवठ्याची तक्रार तो विनोदाने मांडतो. तो विनोद आपल्याकडील वाचकाला दूरचा वाटू नये. १८३३ साली बॉस्टनहून निघालेला बर्फ कलकत्त्यास उतरला, आणि त्याच दशकात तो मुंबईतही विकला जाऊ लागला. तोही गोठलेल्या तळ्यांवरून करवतीने कापलेलाच होता. यंत्राने बर्फ बनू लागल्यावर तो व्यापार आणि ते कसब दोन्ही मावळले. एल्साची जादू क्रिस्टॉफच्या धंद्याचे जे करते, तेच यंत्राने तळ्यावरच्या कारागिरांचे केले. जादू आणि यंत्र यांच्यात नाते असल्याचे टोल्किन वारंवार सुचवितात, ते या अर्थी खरे आहे. दोन्हींचे आकर्षण एकच : इच्छा आणि वस्तू यांच्यामधील अंतर नाहीसे करणे.

तरीही एल्साचा प्रासाद पाहून ज्याचे डोळे पाणावू पाहतात तो क्रिस्टॉफच आहे. तेथे पोहोचलेल्या पात्रांत बर्फाची खरी पारख त्यालाच आहे. जन्मसिद्ध शक्तीने घडविलेल्या वस्तूचे मूल्य श्रमसिद्ध दृष्टीला कळावे, ही चित्रपटातील सर्वांत सूक्ष्म जागा म्हणता येईल. परंतु चित्रपट तेथे थांबत नाही. शेवटी क्रिस्टॉफला राज्याचा अधिकृत बर्फ-पुरवठादार ही पदवी आणि नवी गाडी मिळते. पहिल्या प्रसंगातील समूह पुन्हा येत नाही. श्रेणीच्या प्रश्नाचे उत्तर एका व्यक्तीच्या राजाश्रयाने दिले जाते, आणि वाचकाने म्हणा वा प्रेक्षकाने, ते समाधान मानून घ्यावे अशी अपेक्षा असते.

येथे जन्मसिद्ध आणि श्रमसिद्ध हा भेद अधिक खोलात जाऊन पाहणे आवश्यक आहे. एल्साची शक्ती शापातून आलेली नाही, ती जन्मापासूनची आहे, असे चित्रपट आवर्जून स्पष्ट करतो. क्रिस्टॉफ आपले कसब पाहून पाहून शिकतो. आपल्या काव्यशास्त्राने या भेदाचा विचार फार पूर्वी केला आहे. मम्मटाने शक्ती, निपुणता आणि अभ्यास ही तिन्ही मिळून काव्याचा हेतू होतो असे मांडले, आणि 'हेतू' हा शब्द मुद्दाम एकवचनी ठेवला. तिन्हींची एकत्र उपस्थिती हेच एक कारण. आधुनिक अद्भुतकथेने हे एकवचन मोडले आहे. शक्ती राजकन्येकडे गेली, अभ्यास कामकऱ्याकडे राहिला, आणि निपुणता, म्हणजे लोकव्यवहाराच्या व शास्त्रांच्या अवलोकनातून येणारी बहुश्रुतता, कोणाच्याच वाट्याला आली नाही. एल्साला आपली शक्ती आवरता येत नाही, हा कथेचा सारा पेच या विभाजनातून निर्माण होतो. तिला गुरू नाही, सहकारी नाहीत, शिकण्याची जागा नाही. हातमोजे आणि बंद दार एवढीच तिची शाळा. तिला श्रेणी असती तर ही कथाच घडली नसती.

मराठी अभ्यासकाने मात्र येथे सावध राहिले पाहिजे. 'गिल्ड' या शब्दाचे 'श्रेणी' असे भाषांतर करताना आपण नकळत एक सोय करून घेतो. युरोपीय गिल्डमध्येही घराणेशाही, मक्तेदारी आणि बहिष्कार होते. तथापि तेथे उमेदवारी हे प्रवेशाचे निदान तत्त्वतः मान्य असे दार होते. आपल्याकडील बलुतेदारीत कसब जन्माला बांधलेले राहिले, आणि मूल शिकत असे ते शिकावयाचे ठरविले म्हणून नव्हे, तर त्या घरी जन्मले म्हणून. त्यामुळे श्रमसिद्ध कारागीर आणि जन्मसिद्ध शक्ती हा 'फ्रोझन'मधील विरोध आपल्या सामाजिक अनुभवात तसाच्या तसा बसत नाही. आपल्याकडे श्रमही जन्मसिद्ध केला गेला होता. कारागीरसंघांच्या रम्य चित्रांनी आपण भारावून जावे आणि त्यांना हरवलेल्या सामूहिक जीवनाचे प्रतीक मानावे, हा धोका म्हणूनच आपल्या समीक्षेला अधिक आहे. श्रेणीचे मूल्य तिच्या एकोप्यात शोधण्यापेक्षा तिच्या दारात शोधणे बरे : कोणाला आत येता येते, काय शिकविले जाते, आणि शिकून बाहेर पडता येते की नाही.

६

आता मूळ प्रश्नाकडे वळू. अद्भुतकथेवर पलायनवादाचा आरोप जुना आहे. त्याला उत्तर देणाऱ्या सिद्धांतांपैकी त्स्वेतान तोदोरोव्ह यांचा १९७० मधील ग्रंथ आपल्या विद्यापीठीय वर्तुळात बराच चर्चिला गेला. नैसर्गिक आणि अतिनैसर्गिक स्पष्टीकरणांमध्ये वाचकाच्या मनाचे दोलायमान होणे हे त्यांनी या प्रकाराचे व्यवच्छेदक लक्षण मानले. परंतु प्रस्तुत लेखातील एकाही संहितेत असे दोलन मुख्य नाही. जादू खरी आहे की भास, हा प्रश्न तेथे कोणी विचारीत नाही. तोदोरोव्ह यांच्या वर्गीकरणात या संहिता 'अद्भुत' या शेजारच्या कप्प्यात जातील आणि चर्चा तेथेच संपेल. वर्गीकरणाने कप्पा सांगितला. कप्प्यातील एक कृती दुसरीहून श्रेष्ठ का, हे सांगितले नाही.

त्यासाठी वेगळा निकष लागेल. अद्भुतकथेतील वस्तू पाहताना तिच्या निर्मितीचा काळ संहितेत कोठे आहे, असा प्रश्न विचारावा. तो काळ दाखविलेला असेल, स्थलांतरित झालेला असेल किंवा पुसलेला असेल. अँडरसन यांच्या कथेत तो स्थलांतरित झाला आहे. मार्टिन यांच्या कादंबरीत तो सांगितलेला आहे, पण त्याला आवाज नाही. 'फ्रोझन'मध्ये तो आरंभी दाखवून मग पुसला आहे.

या निकषाविरुद्ध असे म्हटले जाईल की तो अद्भुतकथेवर वास्तववादाची अट लादतो. जादूच्या प्रासादाला मजुरीचा हिशेब विचारणे हे अरसिकपणाचे लक्षण नव्हे काय? महाभारतातील मयसभेचा दाखला येथे पुरेसा ठरावा. मय हा असुरांचा शिल्पी, मायावी. स्फटिकाला पाणी आणि पाण्याला स्फटिक भासविणारी सभा तो बांधतो. दुर्योधन तेथे फसतो आणि त्या फसगतीचे पडसाद पुढे द्यूतापर्यंत जातात. अद्भुताचा याहून मोठा आविष्कार क्वचितच सापडेल. तरीही ती सभा एका क्षणात उभी राहत नाही. मय बिंदुसरोवराकडे जाऊन सामग्री आणतो, बांधकामाला चौदा महिने लागतात, आणि आठ हजार किंकर तिचे रक्षण करतात, प्रसंगी ती वाहूनही नेतात, असे सभापर्व सांगते. चौदा महिन्यांच्या उल्लेखाने अद्भुतरसाला बाध येत नाही; उलट विस्मयाला वजन येते. शिवाय मय ती सभा बांधतो ती खांडववनातून प्राण वाचल्याच्या ऋणापोटी. वस्तूमागे हात आहे, हातामागे काळ आहे आणि काळामागे ऋण आहे. महाकाव्याने जे सहज साधले ते आधुनिक अद्भुतकथेला आणि तिच्या समीक्षेला पुन्हा शिकावे लागत आहे.

वाल्टर बेंयामिन यांनी १९३६ मधील कथाकारावरील निबंधात कथनकलेचे मूळ कारागिरांच्या कार्यशाळेत शोधले. एका जागी राहणारा उस्ताद आणि गावोगाव फिरून आलेला कारागीर एकत्र काम करीत बसत, आणि काम करताना कथा सांगितल्या-ऐकल्या जात. हे खरे मानले तर अद्भुतकथेने कारागिराला मूक करणे म्हणजे आपल्याच जन्मस्थानाला विसरणे होय. बर्फ घडविणाऱ्यांची श्रेणी केंद्रस्थानी असलेली कथा आजही लिहिता येईल. तीत वस्तू दर वसंतात वितळतील आणि दर हिवाळ्यात नव्याने घडवाव्या लागतील. नवा उमेदवार कोठल्याही घरातून येईल. आणि अनंतत्व हा शब्द बर्फात कोरण्याचा हट्ट कोणी धरणार नाही, कारण गेल्या वर्षी तो कसा कोरला होता हे सांगणारे कोणी तरी शेजारी बसलेले असेल. बर्फाच्या श्रेणीपाशी अक्षय म्हणून ठेवण्यासारखे असे सांगणेच असते. ते कोणत्या संहितेत ऐकू येते आणि कोणत्या संहितेत दाबले जाते, हे तपासणे हे अद्भुतकथेच्या समीक्षेचे काम आहे, आणि ते अजून पुष्कळसे व्हावयाचे आहे.